लाकडी तलवारीचा आवाज

४ फेब्रुवारी

भावोजी,

पत्राच्या डोक्यावर साष्टांग नमस्कार घालायची रीत आहे. मी नमस्कार घालतो, साष्टांग तेवढा राहू द्या. अंग टाकायला आपल्या दोघांच्या मध्ये जागा मोकळी नाही.

तुम्ही फोन घेत नाही म्हणून हे पत्र. ताई उचलते, "ते आत आहेत" म्हणते आणि विषय बदलते. आत म्हणजे कुठे? दोन खोल्यांच्या घरात माणूस आत जाऊन जाऊन जातो तरी किती?

मुद्द्यावर येतो. भिंगरीच्या सिनेमाचं शूटिंग संपलं. तुमची एकुलती एक मुलगी, माझी एकुलती एक भाची, तिचा पहिलावहिला सिनेमा. नायक तुम्ही आणि आवाजाची जबाबदारी माझी. आपल्या दोघांना एका दावणीला बांधताना तिनं मला विचारलं नाही, तुम्हालाही विचारलं नसणार. शाळेत सगळ्यांनी बाकाखाली लपवून वाचलेली जुनी साहसकथा तिनं उचलली. म्हातारा कप्तान, त्याचं पळवलेलं जहाज, बुरखेवाला दुष्मन, आणि शेवटी तलवारीनं सगळा निकाल.

खिशात दमडी नाही आणि दाखवायचा समुद्र! मग निळं कापड हलवून समुद्र झाला. ट्रकच्या ट्यूबांवर फळ्या टाकून जहाज झालं. तलवारी लाकडाच्या, वरून चंदेरी रंग. पोर हुशार आहे, पडद्यावर यातलं काही कळत नाही. फक्त एक गोष्ट माझ्या डोक्यात शिरली नाही. तळघरातल्या तुरुंगालाही फळ्यांची जमीन! मी विचारलं तर म्हणाली, "मामा, आईची अटच होती. बाबांचे गुडघे दुखतात, त्यांना सगळीकडे लाकडी जमीन हवी." वा रे कप्तान! अख्खी पलटण लोळवणार आणि पायाखाली फळी मागणार.

लाकडी तलवारी एकमेकींवर आपटल्या की 'टक्' वाजतं, ओट्यावर लाटणं ठेवल्यासारखं. त्याचा खणखणाट करून देणं हा माझा धंदा. त्याबद्दल तक्रार नाही. तक्रार तुमच्या तोंडाबद्दल आहे. प्रत्येक वाराला तुम्ही स्वतःच तोंडानं 'खण्' म्हणता! लहान पोरं अंगणात फुटपट्ट्या घेऊन खेळतात तसं. कॅमेरा नाकाशी आणलेला असताना, एवढे मोठे ओठ करून, खण्, खण्, खणण्. नाटकात चाळीस वर्षं काढलेल्या माणसाला कुणी सांगायला नको होतं का? सेटवर कुणाची हिंमत झाली नाही म्हणे. तुमचा दरारा!

म्हणून कच्चा सिनेमा घरच्या-दारच्यांना दाखवला तेव्हा लोक हसले. हसणारच. तुम्ही ताडकन उठलात आणि निघून गेलात. भिंगरी "बाबा, बाबा" करत दारापर्यंत पळत आली, तुम्ही मागे वळून पाहिलं नाहीत. आणि त्या आधीची गोष्टही लिहून ठेवतो, म्हणजे पुढे नाकबूल व्हायला नको. मी तुमच्या मागच्याच खुर्चीवर होतो. बारा वर्षांत पहिल्यांदा आपण होऊन हाक मारली. "भावोजी, पाणी हवंय का?" तुम्ही मानसुद्धा हलवली नाहीत. ठीक आहे. पाणी मी प्यालो.

आता ताईकडून निरोप येतो की डबिंगला येणार नाही, त्या टिनपाटवाल्याच्या शेडमध्ये पाय ठेवणार नाही. भावोजी, सेटवरच्या सगळ्या आवाजावर जनरेटरची घरघर बसलेली आहे. पडद्यावर बघून प्रत्येकाला आपापली वाक्यं माझ्या शेडमध्ये पुन्हा बोलावीच लागतात. बाकी सगळे बोलून गेले. मेलेला खलाशीसुद्धा येऊन मरून गेला. राहिलात तुम्ही. महिनाअखेर आवाज पुरा झाला नाही तर थिएटरवाला तारीख दुसऱ्याला देणार, आणि नवख्या पोरीला दुसरी तारीख कोण देतो?

तुम्ही मला टिनपाटवाला म्हणता त्याचं नवल नाही. बारा वर्षांपूर्वी तुमच्या सत्काराच्या जेवणात भर मंडळींत माझी ओळख करून दिली होतीत, "हा आमचा मेहुणा. भांडी आपटून पोट भरतो." सगळे हसले. मीही हसलो, माझा स्वभावच तसा. मग घरी गेलो तो पुन्हा तुमच्या उंबऱ्याशी आलो नाही. जशा रेकॉर्डिंगच्या खोलीत सुरुवातीला झाडू मारत होतो तशी खोली आज माझी स्वतःची आहे, पत्र्याची का असेना. तिथे या. भांडायचं असेल तर भांडायला या. पण तोंड घेऊन या.

तुमचा, नाइलाजानं,
मेहुणा


९ फेब्रुवारी

भावोजी,

उत्तर मिळालं. ताईनं फोनवर वाचून दाखवलं. "दुसऱ्या कुणाचा आवाज लावा." चार शब्द. बाराही वर्षांची कसर काढलीत.

लावला. बस स्टँडवर सूचना देणारे एक गृहस्थ आहेत, भारदस्त गळा, सभ्य माणूस. त्यांना बोलावलं. तुमच्या मांडीवर तो जिवलग सुकाणूवाला मरतो आणि तुम्ही म्हणता, "डोळे मिटू नकोस, किनारा आला." गृहस्थ बोलले. भावोजी, मला वाटलं आता पुढे फलाट क्रमांक सांगतात की काय.

तुम्ही त्या सभ्य माणसाच्या आवाजात अजून वाईट नट वाटता, हे मी आनंदानं कळवतो.

पण भिंगरी हसली नाही. मागच्या स्टुलावर बसून ऐकत होती. गृहस्थ गेल्यावर म्हणाली, "मामा, हे बाबा नाहीत."

मी म्हटलं, "अगं, तेच म्हणाले ना, दुसरा लावा म्हणून."

"त्यांना सिनेमा आवडला नाही, मामा. म्हणून उठून गेले. म्हणून येत नाहीत. तोंडावर सांगवत नाही एवढंच." मग पिशवी उचलली आणि दारातून म्हणाली, "लावा त्यांचाच. बस स्टँडचा."

तुम्हाला तिचा सिनेमा आवडला नसेल तर तसं लिहा, चार ओळी. ती सोसेल, माझ्या बहिणीची मुलगी आहे. पण हे जे घुम्यासारखं बसून राहणं आहे ना, यानं ती रोज थोडी थोडी खचतेय. माझ्यावरचा राग तिच्यावर काढू नका. माझ्यावर काढा, मी सवयीचा आहे.

मेहुणा


१५ फेब्रुवारी

भावोजी,

आज मी तुमच्यावर नाही, तुमच्या सेटवरच्या कुठल्या तरी गाढवावर चिडलोय. पण ते गाढव कोण हे तुम्हालाच ठाऊक असणार, म्हणून तुम्हालाच लिहितो.

बस स्टँडवाल्यांना तुमच्या बोलण्याची लय कळावी म्हणून सेटवरचा मूळ आवाज साफ करायला घेतला. जनरेटर काढला. कापडाची फडफड काढली. आणि खालून काय निघावं? धप्. कुणीतरी फळ्यांवर पाय आपटतंय. एकदा नाही, दोनदा नाही, सिनेमाभर. संवाद चालू आहे, धप्. तुरुंगात बुरखेवाला धमकी देतोय, धप्. माझ्या सगळ्या कारकिर्दीत एवढा बेशिस्त सेट पाहिला नाही.

तुमच्याच वेळेला आपटतात, हेही लक्षात आलं. म्हणजे तुमचा कुणीतरी शत्रू आहे तिथे. मला वाटत होतं तो मान माझा एकट्याचा.

कोण होतं ते कळवा. त्याचा पाय मी बघून घेतो.

मेहुणा


१६ फेब्रुवारी

भावोजी,

कालचं पत्र फाडून टाका. तो पाय मी ओळखला.

माझा कान तुम्हाला आवडत नसेल, पण तो खोटं बोलत नाही. आज सकाळपासून ती धप् पुन्हा पुन्हा लावून ऐकली. सुकाणूवाला तुमच्यासमोर, तोंडाकडे तोंड करून बोलतो तेव्हा धप् नाही. तो पाठमोरा झाला की धप्. बुरखेवाला बोलतो तेव्हा तर प्रत्येक वेळी, कारण त्याचं तोंड झाकलेलं. त्याचं वाक्य संपतं, धप्, आणि मग तुमचं वाक्य सुरू. दर वेळी. समोरच्याचे ओठ दिसले की तुम्हाला कुणाची गरज नाही. ओठ दिसले नाहीत की फळीतून तळपायाला निरोप येतो.

आणि तो निरोप ताईचा. रोज तुमच्याबरोबर सेटवर यायची, कडेला उभ्या बाईच्या पायाकडे कोण बघतो? आधी टाच, मग चवडा. आम्ही लहान असताना मी वडिलांचा रेडिओ उघडून बसायचो आणि ते जिन्यात दिसले की ती वरच्या खोलीत असाच पाय आपटायची, मी आवराआवर करावी म्हणून. हजार पायांत मला तो पाय कळेल. काल मी त्याला गाढवाचा म्हटलं. ते तिला सांगू नका.

तुम्हाला ऐकू येत नाही.

लिहिलं. आता तुम्ही हे पत्र चुरगाळून भिंतीवर मारणार, मग उचलून पुन्हा सरळ करणार, हे मला माहीत आहे. म्हणून पुढेही लिहितो.

गुडघे ठणठणीत आहेत तुमचे. फळ्या कानांसाठी होत्या. आणि ते 'खण्'! लढाईचे वार मोजायला मास्तर कॅमेऱ्यामागून आकडे ओरडायचा. सगळे त्या आकड्यांवर नाचत होते, तुम्ही सोडून. तुमचे आकडे तुमच्याच तोंडात होते. तसं केलं नसतंत तर एखाद्या पोराचा डोळा गेला असता. लोक हसले आणि त्यांच्यात मीही होतो. तुम्हाला ते हसू ऐकूसुद्धा आलं नाही, नुसते पुढच्या रांगेतले हलणारे खांदे दिसले. बरोबर ना?

ताईला विचारलं. आधी म्हणाली, "काहीतरीच काय तुझं." मग म्हणाली, "शपथ घातली होती रे त्यांनी. चार वर्षं झाली." चार वर्षं ही बाई मला फोनवर "सगळं छान आहे" सांगत होती. माझ्या कानाला! मला तिचा राग आला, मग तुमचा आला, मग पुन्हा तुमचा आला.

दया आली असं समजू नका. उलट तुम्ही मला लुबाडलंत. फोन न घेणं, पाणी विचारलं तरी मान न हलवणं, हा सगळा राग मी कष्टानं जमवला होता आणि तो आज एका सकाळीत तुम्ही माझ्या हातातून काढून घेतलात. आता जुन्यावर भागवावं लागणार. 'भांडी आपटून पोट भरतो' म्हणालात तेव्हा मात्र तुम्हाला टाचणी पडलेली ऐकू येत होती. ते मी सोडलेलं नाही.

आणि नवीन राग हा. जगानं गर्विष्ठ म्हटलेलं तुम्हाला चालतं, बहिरा म्हटलेलं चालत नाही. म्हणून तुम्ही गर्विष्ठ होऊन बसलात. सोपं होतं, फारसा अभिनय लागला नसेल. पण त्याची झळ कुणाला लागतेय? पोर म्हणते बाबांना माझा सिनेमा आवडला नाही. अहो, तुम्ही तो ऐकलाच नाहीत! आवडायचा नावडायचा प्रश्न येतो कुठे? हे तिला एका वाक्यात सांगता येण्यासारखं आहे आणि ते वाक्य तुमच्या घशात अडकलंय. एवढी भाषणं पाठ करणारा माणूस!

मी तिला सांगणार नाही. ते तुमचं काम. माझं काम मी केलंय. रेकॉर्डिंगच्या खोलीतला गालिचा गुंडाळून ठेवला आणि खाली फळ्या टाकल्या. तुमच्याच जहाजाच्या आहेत, खिळ्यांसकट. ताईला माइकमागे उभी करायची. पडद्यावर तुमचे ओठ तुम्ही बघा, वाक्याच्या सुरुवातीला ती पाय आपटेल. धप् आवाजात येणार, येऊ दे, ती कापून काढणं हा माझा धंदा आहे. त्या दिवशी माझ्या माणसांना सुट्टी. खोलीत तुम्ही आणि ताई, काचेपलीकडे मी. मी तुमच्याशी बोलणार नाही, तुम्हाला चुकल्यासारखं वाटायला नको.

शनिवारी सकाळी दहा वाजता. नाही आलात तर सोमवारी तुमच्या तोंडात बस स्टँड.

मेहुणा


२३ फेब्रुवारी

भावोजी,

आलात, बोललात, गेलात. आभार मानायची आपल्यात पद्धत नाही, ती आता कशाला सुरू करा.

जाताना एकच वाक्य बोललात, "या खोलीला कुबट वास येतो." मी उत्तर दिलं होतं, पण तुमची पाठ होती. तेव्हा लेखी देतो. भिंतींना ज्या गाद्या ठोकल्या आहेत त्या तुमच्या लग्नात वऱ्हाडासाठी आणलेल्या. वास तुमच्याकडच्या मंडळींचा आहे.

आणखीही काही गोष्टी तुमच्या पाठीमागे झाल्या, त्या सांगणं भाग आहे. भिंगरीला मी बोलावलं नव्हतं. शपथ घ्यायला लावू नका, शपथांचं आपल्या घरात फार झालं. ती थिएटरवाल्याकडे जाता जाता सहज डोकावली. सुकाणूवाला मरतो तो प्रसंग चालू होता. माझ्या शेजारी काचेशी उभी राहिली. तुमच्याकडे नाही, आईच्या पायाकडे बघत होती. एक धप्, तुमचं वाक्य. दुसरी धप्, तुमचं वाक्य. मी काही सांगितलं नाही. तीच म्हणाली, "म्हणजे त्या दिवशी बाबांना काहीच ऐकू आलं नव्हतं." आणि पुन्हा, जरा हळू, "काहीच नाही."

मग तिनं चपला काढल्या आणि आत गेली.

पुढची धप् तिची होती. मला लगेच कळलं, हलकी आणि अर्धा श्वास लवकर. तुम्हालाही कळलं, तळपायाला. वाक्य अर्धं टाकून तुम्ही वळलात. तुम्ही दोघं काय बोललात ते मला माहीत नाही. मी माइक बंद केला होता. माझ्या खोलीत पहिल्यांदाच मी मुद्दाम काही ऐकलं नाही, याची नोंद घ्यावी.

ते अर्धवट राहिलेलं वाक्य नंतर तुम्ही पुन्हा बोललात. "डोळे मिटू नकोस, किनारा आला." घसा बसलेला होता. दुसऱ्यांदा घ्यायला हवं होतं. मी घेतलं नाही. तो आळस होता, दुसरं काही समजू नका.

मेहुणा


११ मार्च

भावोजी,

शुक्रवारी सिनेमा लागतोय. त्याआधी एक भांडण उरकून घेऊ.

तुमच्या लढायांसाठी मी काय काय आपटलं! ट्रकचे पाटे, कुकरची झाकणं, तिजोरीचं दार, सळ्या. खणखणाट एक नंबर झाला. पण जवळून तुमचं तोंड दिसलं की सगळं फसायचं. ओठ एक बोलायचे आणि लोखंड दुसरंच. म्हणून त्या शनिवारी जाता जाता ताईनं तुम्हाला पुन्हा माइकसमोर उभं केलं आणि तुम्ही, नाट्यक्षेत्रातले ज्येष्ठ, सत्कारमूर्ती, डोळे वटारून तोंडानं तलवारी केल्यात. खण्. खण्. खणण्. भिंगरी हसून हसून खाली बसली, आणि या वेळी तुम्ही उठून गेला नाहीत.

मी ते माझ्या लोखंडाखाली बारीक लावून बघितलं, गंमत म्हणून. भावोजी, लिहिताना जिवावर येतंय, पण तलवारीला तोवर धारच नव्हती. लोखंड नुसतं वाजत होतं. तुमचा आवाज खाली लागला आणि वार लागायला लागला. शेवटच्या लढाईत तर मी माझे पाटे काढूनच टाकले. पडद्यावर जे वाजतं ते निव्वळ तुमचं तोंड आहे. कुणालाही ओळखू येत नाही. मला येतं.

आता हिशोब असा. बारा वर्षांपूर्वी एका जेवणात तुम्ही मला जे म्हणालात, तेच काम आता तुम्ही स्वतः केलंत, तेही भांड्याशिवाय. कामाची दखल घेणं हा या धंद्यातला शिरस्ता आहे. तेव्हा सिनेमाच्या पाट्यांत तुमचं नाव दोनदा येणार. एकदा सुरुवातीला, पडदाभर, नायक म्हणून. तिथे माझा इलाज नाही. दुसऱ्यांदा अगदी शेवटी, बारीक अक्षरात. 'आवाज' म्हणून माझं नाव असेल, आणि त्याच्या खाली 'साहाय्यक' म्हणून तुमचं. भिंगरीनं मंजुरी दिली आहे. ताईनं तर टाळ्या वाजवल्या.

ती पाटी येईपर्यंत लोक उठून निघालेले असतात. तुम्ही उठायचं नाही. थिएटरवाल्याकडे जमीन फरशीची आहे, म्हणून मी आजच तुमच्या खुर्चीखाली एक फळी टाकून आलोय. मी मागच्याच खुर्चीवर असेन. हाक मारणार नाही, पाणी विचारणार नाही.

ताईनं पाय आपटला की वर बघा.

तुमचा वरिष्ठ,
मेहुणा